'एचडीकॅम', 'वेब-डीएल' आणि 'एपीके': पायरेटेड पिक्चरच्या फाइलचं नाव नेमकं काय सांगतं?

हिंगणघाट म्हणजे विदर्भातली कापसाची मोठी बाजारपेठ. कापसाचे पैसे आता बऱ्याचदा थेट बँक खात्यात येतात. ते खातं ज्या मोबाइलला जोडलेलं असतं, त्याच मोबाइलवर टेलिग्रामच्या ग्रुपमधून नवा पिक्चरही उतरवला जातो. घोळ इथेच होतो.

अशा फाइलचं नाव काहीसं असं असतं: 'झुंड.२०२२.१०८०पी.वेब-डीएल.एक्स२६४.एमकेव्ही'. आधी पिक्चरचं नाव आणि वर्ष. '१०८०पी' म्हणजे चित्र किती स्पष्ट ते, 'एक्स२६४' म्हणजे फाइल लहान करायची पद्धत. मधला शब्द मात्र माल कुठून चोरला ते सांगतो. 'कॅम', 'एचडीकॅम' किंवा 'प्रीडीव्हीडी' असेल तर कुणीतरी थिएटरात बसून पडदा शूट केलाय. म्हणूनच त्यात मध्येच उठून जाणाऱ्याचं डोकं दिसतं. 'वेब-डीएल' म्हणजे ओटीटीवरून उचललेली प्रत.

आता नागपुरात चित्रित झालेल्या नागराज मंजुळेंच्या 'झुंड'चंच बघा. तो ४ मार्च २०२२ ला थिएटरात आला आणि ६ मे २०२२ ला झी५ वर. मधल्या दोन महिन्यांत कुणी 'वेब-डीएल' म्हणून फाइल पाठवली असती, तर ते नाव जवळपास नक्कीच खोटं. नाव काय, कुणीही काहीही टाइप करू शकतं. त्यावर शिक्का मारणारं कुणी नसतं.

त्यामुळे सगळ्यात आधी नावाचं शेपूट बघायचं. पिक्चरची फाइल 'एमपी४' किंवा 'एमकेव्ही' असते. शेवटी 'एपीके' असेल तर तो पिक्चर नाही, ॲप आहे. लग्नपत्रिकेच्या नावाने व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या फाइलींची गंमत हीच. असं ॲप इन्स्टॉल होताना एसएमएस वाचायची परवानगी मागतं. ती दिली की बँकेचा ओटीपी तिसऱ्याच माणसाकडे जातो. कॉम्प्युटरवर आणखी एक भानगड आहे. विंडोज हे शेपूट सहसा लपवून ठेवतं, त्यामुळे 'एमकेव्ही.ईएक्सई' अशी फाइल नुसती 'एमकेव्ही' दिसते. साइजवरूनही कळतं. दोन तासांचा १०८०पी पिक्चर ८ एमबीत मावत नाही.

राहिला कायदा. २०२३ च्या दुरुस्तीनंतर सिनेमॅटोग्राफ कायद्यात थिएटरमधल्या चोरट्या रेकॉर्डिंगला ३ महिने ते ३ वर्षं कैद आहे आणि दंड किमान ३ लाख रुपये. डिजिटल थिएटरच्या चित्रात डोळ्यांना न दिसणारी खूण असते, तिच्यावरून कुठल्या थिएटरात, कोणत्या वेळी शूट झालं ते शोधता येतं.

चुकून असं ॲप इन्स्टॉल झालंच, तर आधी फोनचं इंटरनेट बंद करा, सिमकार्ड काढा आणि दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवून खातं थांबवा. पैसे गेले असतील तर लगेच १९३० वर तक्रार करा. पैसे पुढच्या खात्यांत फिरायच्या आत गोठवता आले, तरच परत मिळण्याची आशा असते.