घराआधीचे स्नानगृह : फिनलंडचे वार्तापत्र

रुओवेसी (फिनलंड), जूनअखेर



फिनलंड या देशाविषयी आपल्याकडे जी थोडीफार माहिती असते, तीत सौन्याचा उल्लेख बहुधा असतोच. परंतु पुण्या-मुंबईच्या मोठ्या हॉटेलांत काचेच्या दाराआड लाकडाने मढवलेली जी एक तापती खोली असते आणि जिच्यात घटकाभर बसण्यासाठी भरभक्कम दाम मोजावे लागतात, तिच्यावरून आपण त्याची पारख करतो व सौना म्हणजे धनिकांचा षोक असे धरून चालतो. ताम्पेरे शहराच्या उत्तरेस सुमारे ७० किलोमीटरांवर, रुओवेसी गावानजीकच्या तळ्याकाठी, माझ्या यजमानांच्या उन्हाळी कुटीराशेजारी एक लहानसा लाकडी सौना उभा राहत असताना तो पायापासून आढ्यापर्यंत पाहण्याची संधी मला लाभली, आणि ही वास्तू मुळात कष्टकरी माणसाच्या संसारातील पहिली गरज आहे, अशी माझी पक्की धारणा झाली. ती कशी झाली हे सविस्तर सांगावे, यासाठी हे पत्र.

सुमारे ५६ लाख लोकवस्तीच्या या देशात सौन्यांची संख्या ३० लाखांच्या आसपास आहे, म्हणजे दर दोन माणसांमागे जवळपास एक. शहरातील इमारतींत तो असतो, संसदभवनात असतो, आणि तळ्याकाठच्या सुमारे पाच लाख उन्हाळी कुटीरांपैकी सौना नसलेले कुटीर शोधावे लागते. ताम्पेरेच्या पिस्पाला भागातील राजापोर्त्ती हा सार्वजनिक सौना १९०६ पासून आजतागायत चालू आहे. डिसेंबर २०२० मध्ये युनेस्कोने फिनलंडच्या सौना-परंपरेचा मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत समावेश केला. परंतु या मानसन्मानाहून मला अधिक बोलका वाटतो तो येथील जुना शिरस्ता : रानात नवी जमीन तोडून वस्ती करणारा शेतकरी प्रथम सौना बांधी, सहकुटुंब त्यातच राही, आणि सवड व लाकूड जमेल तसे घर मागाहून उभारी. १९४४ साली कारेलिया प्रांताचा मोठा भाग सोव्हिएत रशियाच्या ताब्यात द्यावा लागला, तेव्हा चार लाखांहून अधिक निर्वासितांचा भार या लहान देशावर पडला. १९४५ च्या कायद्यान्वये त्यांना जमिनी देण्यात आल्या, आणि त्यांतील कित्येक कुटुंबांनी नव्या जागी पहिले छप्पर घातले ते सौन्यावर. ज्याचे सर्वस्व मागे राहिले, त्याने हातात कुऱ्हाड आल्याबरोबर आधी एक स्वच्छ व उबदार खोली बांधावी, यात या लोकांचा सारा स्वभाव आला.

याच खोलीत स्त्रिया बाळंत होत. घरातील सर्वांत उबदार, ऊन पाणी हाताशी असलेली आणि धुराने व उष्णतेने शुद्ध झालेली जागा तीच, म्हणून प्रसूती तेथे, आणि मृताचे अखेरचे स्नानही तेथेच. १९५६ पासून १९८२ पर्यंत या देशाचे अध्यक्षपद भूषविणारे उऱ्हो केक्कोनेन यांचा जन्म ३ सप्टेंबर १९०० रोजी पिएलावेसी येथील एका खंडकऱ्याच्या वस्तीवरील धुरकट सौन्यात झाला. हे ऐकले तेव्हा मला आपल्याकडची बाळंतिणीची खोली आठवल्यावाचून राहिली नाही. बाजेखालची शेगडी, ओवा-वावडिंगाची धुरी, दाराला लावलेला पडदा आणि आत कोणाचीही मिजास चालू न देणारी सुईण. हिवाळ्यात पारा शून्याच्या खाली २५ अंशांवर उतरणारा हा मुलूख आणि वैशाखात भाजून निघणारा आपला बीडकडचा बालाघाट, यांनी नवजात अर्भकाच्या बाबतीत एकच शहाणपण स्वतंत्रपणे शोधून काढले आहे.

आता बांधकामाकडे वळतो. येथे तळ्याच्या काठावर कोणी मनास येईल तसे बांधू शकत नाही. १ जानेवारी २०२५ पासून अमलात आलेल्या नव्या कायद्याने तीस चौरस मीटरांहून लहान अशा बहुतेक निवासेतर इमारतींना परवान्यातून मोकळीक दिली असली, तरी किनाऱ्याचे नियोजन आणि पाण्यापासून राखावयाचे अंतर यांबाबतचे स्थानिक नियम कायम आहेत, आणि सौन्याचे सांडपाणी थेट तळ्यात सोडणे सर्वथा बेकायदा मानले जाते. ते वाळू-मुरमाच्या खड्ड्यात जिरवावे लागते. यजमानांनी नकाशा घेऊन ग्रामपालिकेच्या कचेरीत जाऊन आधी हद्दी समजावून घेतल्या, मगच जागा आखली. ज्या पाण्यात आपण उतरणार ते पाणी घाण करावयाचे नाही, ही गोष्ट येथे कायद्याच्याही आधी मनात ठसलेली असते.

पाया साधा, पण विचाराने घातलेला. येथे थंडीत जमिनीतील ओलावा गोठून फुगतो आणि वरचे बांधकाम उचलून धरतो. म्हणून पाणी धरून ठेवणारी माती काढून तेथे जाड खडी भरतात आणि तीवर चार कोपऱ्यांचे आधार बसवतात. भिंतींसाठी पाइन वृक्षाचे साल काढून वाळवलेले ओंडके होते. एका ओंडक्यावर दुसरा ठेवायचा, तर वरच्याच्या पोटात खालच्याच्या पाठीबरहुकूम लांबच लांब पन्हळ कोरावी लागते. त्यासाठी दोन टोकांचे एक लोखंडी हत्यार असते, ज्याचे एक टोक खालच्या ओंडक्याच्या उंचसखल पाठीवरून फिरते आणि दुसरे तीच रेषा वरच्या ओंडक्यावर ओरखडत जाते. ती रेषा धरून वाकसाने कोरले की दोन्ही ओंडके एकमेकांवर असे बसतात की मध्ये चाकूचे पाते शिरू नये. तरीही त्या पन्हळीत पूर्वी शेवाळ आणि आता जवसाच्या तंतूंची वात भरतात. खिळा कोठेही नाही. गिरमिटाने भोके पाडून लाकडी खुंट्या ठोकलेल्या.

ज्या एका गोष्टीने मी थक्क झालो, ती दाराच्या चौकटीवरची मोकळी फट. ओंडके सुकत जातात तशी भिंत दर मीटर उंचीमागे दोन ते पाच सेंटिमीटर खचते, आणि ही घट वर्षानुवर्षे चालते. म्हणून चौकट भिंतीला घट्ट न ठोकता तिच्यावर चार बोटे जागा सोडतात, तीत जवसाच्या तंतूंचा बोळा भरतात आणि वर पट्टी मारून झाकतात. भिंत सावकाश खाली येते आणि दार मात्र अडकत नाही. आपल्याकडे माळवदाच्या घरांत, सर आणि किलचांवर दर पावसाळ्याआधी पांढऱ्या मातीचा नवा थर चढवताना, छपराचे ओझे पिढ्यान्‌पिढ्या वाढत गेले व त्याचा हिशेब कोणी ठेवला नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपाने तो हिशेब किती निर्दयपणे चुकता केला, हे मराठवाड्यातील माणसास सांगावयास नको. इमारत ही काळाबरोबर हलणारी वस्तू आहे, हे धरूनच हे सुतार बांधतात, हा त्यांचा गुण मला फार मोलाचा वाटतो.

आत तापती खोली, तिच्याआधी कपडे उतरवण्याची लहान खोली, आणि बाहेर पडवी. बसण्याचे बाक दोन पायऱ्यांचे, अ‍ॅस्पेन वा आल्डर जातीच्या लाकडाचे, कारण हे लाकूड अंगाला चटका देत नाही आणि त्यातून राळ पाझरत नाही. स्क्रू सगळे खालून घेतलेले, की तापलेले लोखंड कातडीस लागू नये. वरच्या बाकावर बसणाऱ्याची पावलेही भट्टीवरील दगडांच्या पातळीच्या वर राहिली पाहिजेत, हा येथील बांधणीचा मुख्य दंडक, कारण ऊब वर साठते. दार बाहेर उघडणारे आणि कडी-कुलुपाविना, जेणेकरून भोवळ आलेला मनुष्य नुसता धक्का देऊन बाहेर पडू शकेल. आढे चढवण्याच्या दिवशी शेजारची कुटुंबे आपापली हत्यारे घेऊन आली. मजुरीचा प्रश्नच नव्हता, दिवसाअखेर जेवण आणि नव्या सौन्यातील पहिले स्नान एवढाच मोबदला. पेरणीला इर्जिक घालणाऱ्या आपल्या गावांतील वडीलधाऱ्यांना ही रीत परकी वाटणार नाही.

शनिवारी सायंकाळी भट्टीत बर्चची लाकडे पेटली. दीड-दोन तासांत खोली ८० अंशांच्या वर गेली; मग तांब्याच्या ओगराळ्याने दगडांवर पाणी टाकले की ते क्षणार्धात वाफ होऊन छताला भिडते आणि तेथून खांद्यांवर उतरते. कोवळ्या पानांच्या बर्चच्या डहाळ्यांची जुडी पाठीवर हलकेच आपटतात, तिचा वास ओल्या रानाचा असतो. सोसवेल तितके बसून तळ्यात उतरावयाचे, पुन्हा आत यावयाचे. पुरुष व स्त्रिया सामान्यतः वेगवेगळ्या पाळीने जातात. आत अंगावर वस्त्र नसते, तशीच पदवी व हुद्दाही नसतो, आणि मोठ्याने बोलणे किंवा हुज्जत घालणे असभ्य समजतात. आरोग्याविषयी म्हणाल, तर पूर्व फिनलंड विद्यापीठाच्या संशोधकांनी २,३१५ मध्यमवयीन पुरुषांची सुमारे वीस वर्षे नोंद ठेवून २०१५ साली असे प्रसिद्ध केले की आठवड्यातून चार ते सात वेळा सौना घेणाऱ्यांत हृदयविकाराने होणारे मृत्यू एकदाच घेणाऱ्यांपेक्षा कमी आढळले. मात्र हे निरीक्षण जन्मभर सौना घेणाऱ्यांचे आहे, आणि त्यावरून कोणी हृदयरोग्याने वैद्याच्या सल्ल्यावाचून धाडस करू नये.

आपल्याकडे ही विद्या मुळीच नव्हती, असे मात्र समजू नये. चरकसंहितेच्या सूत्रस्थानातील १४ व्या अध्यायात अग्नीच्या साहाय्याने घाम आणण्याचे तेरा प्रकार सांगितले आहेत. त्यांतील जेंताक स्वेदाचे वर्णन वाचताना मी चकित झालो : जलाशयाच्या दक्षिण वा पश्चिम तीरावर, पाण्यापासून सात-आठ अरत्नी, म्हणजे सात-आठ हात, अंतरावर मातीने लिंपलेले गोल गृह, भिंतीलगत सभोवार हातभर रुंदीचा ओटा, मध्यभागी छिद्रांची मातीची भट्टी, तीत खैराची लाकडे, आणि लाकडे जळून धूर पुरता निघून गेल्यावरच तेल लावलेल्या रोग्याने आत शिरावयाचे. धुराडे नसलेला येथील जुना सौना याच क्रमाने तापवतात. घाबरे झाले तरी ओटा सोडू नये, त्याच्याच आधाराने दारापर्यंत यावे, ही चरकाची सूचना तर प्रत्यक्ष अनुभवातून आलेली आहे. भेद एवढाच की बाहेर येताच थंड पाण्यास शिवू नये, असे चरक डोळ्यांच्या काळजीपोटी बजावतो, आणि फिनिश माणूस थेट तळ्यात उडी घेतो.

मग आपल्या बीड जिल्ह्यात लाकडी सौने बांधावेत काय? माझे स्पष्ट मत, बांधू नयेत. तीन-चतुर्थांश भूमी अरण्याने झाकलेल्या आणि १,८८,००० तळ्यांच्या देशाची ही वास्तू, जेथे जंगल नावापुरते व पाणी टँकरने, तेथे शेतघरांवर उभारणे ही उधळपट्टी होईल. घ्यावयाचे ते दुसरेच : राबून आलेल्या माणसाला बंद दाराआड ऊन पाण्याचे स्नान मिळणे ही चैन नसून घराचा आरंभ आहे, हा विचार.

आणि येथे मला आपल्या जिल्ह्याची आठवण अस्वस्थ करते. दसरा झाला की गेवराई, धारूर, वडवणी, पाटोदा, शिरूर कासार अशा तालुक्यांतून ऊसतोडीच्या कोयत्यांच्या टोळ्या मुकादमाची उचल फेडण्यासाठी पश्चिम महाराष्ट्राच्या व कर्नाटकाच्या साखर कारखान्यांकडे निघतात आणि पुढील पाच-सहा महिने कोपीत काढतात. पौषाच्या थंडीत पहाटेपूर्वी फडात उतरणारी, दिवसभर मोळ्या वाहणारी बाई अंधारात, साडीच्या आडोशाला, गार पाण्याने अंग धुते. २०१९ साली ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न विधिमंडळापर्यंत गेला, डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती बसली. त्या साऱ्या प्रकरणाची मुळे अनेक असतील, परंतु स्वच्छतेसाठी आडोसा व पाणी नसणे हे त्यांतील एक आहे, याविषयी माझ्या मनात शंका नाही.

यात क्रूर भाग हा की टोळ्यांच्या मुक्कामाच्या अड्ड्यांच्या नजरेच्या टप्प्यात उष्णतेचे भांडार असते. उसाच्या वजनात सुमारे ७० टक्के पाणी असते. रस आटवताना त्याची वाफ होते, ती निवली की ऊन पाणी मिळते, आणि त्यासाठी लागणारे इंधनही उसाच्याच चिपाडाचे. बैलगाडीवाल्या टोळ्यांचे अड्डे बहुधा कारखान्याच्या आसपास पडतात. तेथवर एक नळी नेऊन ते पाणी स्नानाजोगे करणे ही अभियंत्यास अवघड बाब नव्हे.

म्हणून माझी विनंती अशी की, लोकनेते गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळाने आणि कारखान्यांच्या संचालक मंडळांनी येत्या गळीत हंगामापूर्वी दर अड्ड्यावर बायकांसाठी पक्क्या भिंतींची, छप्पर व आतून कडी असलेली न्हाणी आणि तिच्यात ऊन पाण्याचा नळ, एवढी तरतूद करावी. वाचकांपैकी जे कोणत्याही सहकारी कारखान्याचे सभासद असतील, त्यांनी यंदाच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत हा ठराव लेखी मांडावा, आणि तो इतिवृत्तात नोंदला गेला की नाही, हे स्वतः पाहावे.