पडद्यामागचे दामलेमामा

आमच्या ग्वाल्हेरच्या लष्कर भागात गाण्याचा विषय निघाला की हद्दू-हस्सू खाँपासून कृष्णराव शंकर पंडितांपर्यंतची परंपरा जुनी माणसं घडाघडा सांगतात. सिनेमाचं मात्र तसं नाही. ‘संत तुकाराम’ म्हटलं की विष्णुपंत पागनीस आठवतात; दिग्दर्शक विचारला तर बरेच जण व्ही. शांताराम म्हणून मोकळे होतात. चित्रपट दामले-फत्तेलालांचा.

विष्णुपंत गोविंद दामले मूळचे पेणचे, जन्म १८९२. कोल्हापुरात आनंदराव आणि बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली ते नाटकांचे पडदे रंगवायला शिकले. सपाट कापडावर राजवाडा खोल दिसायला हवा, उजेड एकाच बाजूने यायला हवा, ही शिकवण तिथली. आनंदराव १९१६ मध्ये गेले; पुढे बाबूरावांनी स्वतःचा कॅमेरा घडवला, त्या खटपटीत दामले होते. फ्रान्समध्ये चित्रपटकार ज्यॉर्ज मेलिएसही स्वतः देखावे रंगवत, जादूच्या युक्त्या रचत, कॅमेरा चालवत. पण मेलिएस पडद्यावरही मिरवला. दामल्यांना ती हौस नव्हती.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात ‘प्रभात’ ही चित्रपट कंपनी निघाली. शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी असे पाच भागीदार. बोलपट आला तेव्हा ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) साठी ध्वनिमुद्रणाची जबाबदारी दामल्यांनी घेतली. पार्श्वगायन तेव्हा नव्हतं. नट कॅमेऱ्यासमोरच गाणार, पेटी-तबला चौकटीबाहेर दडलेला, आणि एक सूर घसरला की सारं पुन्हा पहिल्यापासून. चित्रकलेत वाढलेल्या माणसाने चाळिशीच्या उंबरठ्यावर हे नवं यंत्र शिकून घेतलं, याचं मला फार कौतुक वाटतं.

‘प्रभात’ १९३३ मध्ये पुण्याला आली. तिथे दामलेमामा आणि साहेबमामा, म्हणजे शेख फत्तेलाल, यांनी १९३६ मध्ये ‘संत तुकाराम’ केला. त्यात चमत्कार आहेत, शेवटी वैकुंठाला जाणारं विमानही आहे. पण माझ्या मते चित्रपटाचा जीव तुकारामांच्या बायकोत, जिजाईत आहे. पोर आजारी पडल्यावर ती वहाण घेऊन थेट विठोबावर धावून जाते. गौरी या नटीने ती अशी उभी केली की समोरचा संतही क्षणभर फिका पडावा. अभंग बोलण्यातूनच उमलत जातो, गाणं म्हणून वेगळं मांडलं जात नाही. वर्षानुवर्षं ध्वनिमुद्रणात कान घातलेला माणूस दिग्दर्शक असला की असं होतं, असं मला वाटतं. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात चित्रपटाचा गौरव झाला.

‘गोपाळकृष्ण’, ‘संत ज्ञानेश्वर’ आणि ‘संत सखू’ त्यानंतरचे. १९४५ मध्ये दामले गेले. फत्तेलालांनी पुढे ‘जगद्गुरू शंकराचार्य’ (१९५५) केला, जोडीदाराशिवाय. ‘प्रभात’च्या पुण्याच्या आवारात आज सरकारी चित्रपटसंस्था आहे. तिथे छायाचित्रण, ध्वनी, कला-दिग्दर्शन असे स्वतंत्र विभाग आहेत आणि विद्यार्थी त्यांतला एकच निवडून येतात.