सत्तुरापासून शेगडीपर्यंत

क्रॉफर्ड मार्केटच्या दर्शनी कमानींवर दगडात कोरलेले शेतकरी आहेत. समोरच्याच जे. जे. कला शाळेत शिकवणाऱ्या लॉकवुड किपलिंगच्या हातची ही शिल्पं. गव्हाचं शेत, कामात गढलेली माणसं, सगळं कसं सात्त्विक. खाटीक मात्र त्यात कुठेच नाही. आत शिरल्यावरही तो लगेच भेटत नाही. आधी फळांच्या राशी लागतात, मग परदेशी चॉकलेटं, चीज, सुका मेवा, केक सजवायचं सामान, पिंजऱ्यातले पक्षी. हे सगळं ओलांडून मागे गेलं की ओल्या फरशीवर पाय पडतो आणि सत्तुराचा आवाज ऐकू येतो.

मुंबईची ही मंडई १८६९ साली पुरी झाली. आराखडा विल्यम इमर्सनचा. पुढे कोलकात्याचं व्हिक्टोरिया मेमोरियल त्यानेच आखलं. भिंती कुर्ल्याच्या पिवळसर दगडाच्या, मधूनमधून वसईचा तांबडा दगड. घड्याळाचा मनोरा १२८ फुटी. जमिनीच्या फरशा थेट स्कॉटलंडमधल्या केथनेसहून आणल्या होत्या. आतल्या बागेतलं कारंजं कावसजी जहांगीर यांच्या देणगीतलं. १८८२ साली इथे विजेचे दिवे लागले, तेव्हा देशात इतर कुठल्याच इमारतीत ते नव्हते, असं सांगतात. जुन्या प्रवासवर्णनांत मटणाच्या विभागापलीकडे बीफचा वेगळा, पूर्ण लोखंडी विभाग असल्याची नोंद सापडते.

ज्याच्या नावाने ही मंडई दीडशे वर्षं ओळखली जाते तो आर्थर क्रॉफर्ड १८६५ साली मुंबईचा पहिला म्युनिसिपल कमिशनर झाला. कर्तबगार आणि उधळ्या. शहराच्या तिजोरीला त्याने असा घोर लावला की करदात्यांनी त्याच्याविरुद्ध रान उठवलं. पुढे पुण्यात मध्य विभागाचा कमिशनर असताना, १८८८ साली, त्याचं लाचेचं प्रकरण बाहेर आलं. मामलेदारांकडून पैसे उकळले जात होते आणि साक्ष देणारे मामलेदारच अडचणीत येणार होते, म्हणून लोकमान्य टिळकांनी त्यांची बाजू लावून धरली. क्रॉफर्डची नोकरी गेली. मंडईला आज महात्मा जोतिबा फुल्यांचं नाव आहे, तरी टॅक्सीवाल्याला ‘क्रॉफर्ड’ सांगितलं की तो जास्त विचारत नाही.

या गृहस्थाने एक गोष्ट मात्र कायमची करून ठेवली. जनावर मारण्याची जागा आणि मांस विकण्याची जागा यांची त्याने फारकत केली. त्याच्या अमदानीत कत्तलखाना शहराबाहेर, वांद्र्याला गेला आणि मांस रेल्वेने शहरात येऊ लागलं. वांद्रेही शहरात आल्यावर कत्तलखाना आणखी पूर्वेला सरकला. १९७१ पासून तो देवनारला आहे. बकरी ईदच्या आधी राजस्थान, गुजरात, मध्य प्रदेश, उत्तर प्रदेशातून ट्रक भरभरून बकरे तिथे उतरतात आणि त्या आठवड्यात देवनार हीच मुंबईतली सर्वांत मोठी जत्रा असते. एरवी देवनार आठवतं ते कचऱ्याच्या डोंगरासाठी. आपल्या ताटातल्या मटणाचा जन्मगाव विचारला तर बहुतेक मुंबईकर नाक्यावरच्या खाटकाचं नाव सांगेल.

मटण विभागात सकाळी जावं. दुपारनंतर चांगला माल राहत नाही आणि उजेडही नाही. आकड्यांना सोललेले बकरे टांगलेले, त्यांच्यावर महापालिकेच्या तपासणीचा शिक्का. खाली चिंचेच्या लाकडाचा ओंडका. चिंचेचंच का, याला कारण आहे. हे लाकूड घट्ट आणि चिवट असतं; घावांनी त्याच्या ढलप्या सुटत नाहीत, त्यामुळे खिम्यात भुसा येत नाही. वर्षानुवर्षांच्या घावांनी ओंडक्याचा मध्य खोलगट होतो आणि मुरलेला खाटीक त्या खोलगटपणाचाही उपयोग करतो: हाड बरोबर तिथे टेकवतो, म्हणजे ते निसटत नाही.

इथे गिऱ्हाईक किती जाणकार आहे ते त्याच्या पहिल्या वाक्यात कळतं. ‘एक किलो मटण द्या’ म्हणणाऱ्याला मिश्र मिळतं, आणि मिश्रात काय टाकायचं हे खाटीक ठरवतो. ज्याला कळतं तो सांगतो: अर्धा किलो मांडीचं, पाव किलो सीना, चार चापा आणि दोन नळ्या. बिर्याणीवाले पुठ्ठा नि गर्दन घेतात. खिमा समोर करून घ्यायचा, आधी करून ठेवलेला घ्यायचा नाही, हा नियम बायका पाळतात, पुरुष विसरतात. कलेजी, गुर्दा, तिल्ली, भेजा, खूर, मुंडी यांचा बाजार निराळा. तिथली गिऱ्हाइकंही निराळी. वजडी साफ करायला तासभर मोडतो, म्हणून ती स्वस्त. पण कोकणातल्या आणि देशावरच्या कितीतरी घरांत ती रविवारच्या मटणापेक्षा जास्त मानाने वाढली जाते.

मांसाचा बाजार बघायला परदेशी जाणारे लोक हल्ली सोलच्या माजांग-दोंगला जातात. तिथली गोष्ट आपल्याला ओळखीची वाटावी अशी आहे. तिथे १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला कत्तलखाना आला, त्याच्या आसऱ्याने दुकानं वाढली. १९९८ साली कत्तलखाना बंद झाला, बाजार राहिला. खाली दुकानात ‘हानू’ या देशी गुरांचं मांस बघून, निवडून घ्यायचं, वरच्या मजल्यावरच्या खाणावळीत न्यायचं, बसण्याचे नि पानं-लसूण-चटण्यांचे पैसे वेगळे भरायचे आणि टेबलात बसवलेल्या निखाऱ्यांवर आपलं आपण भाजून खायचं. बाजार आणि विस्तव यांच्यामध्ये तिथे फक्त एक जिना असतो.

मुंबईत हे अंतर सुमारे दीड किलोमीटरचं आहे. क्रॉफर्ड मार्केटमध्ये मांस मिळतं, विस्तव मिळत नाही. त्यासाठी महंमद अली रोडने उत्तरेला चालायला लागायचं. डोक्यावर जे. जे. उड्डाणपूल. २००२ साली तो झाल्यापासून गाड्या वरून जातात आणि खाली सावली, हातगाड्या नि माणसं उरली आहेत. उजवीकडे-डावीकडे अत्तरं, टोप्या, कापड, मग मिनारा मशिदीची गल्ली. रमजानात या गल्लीचं जे होतं त्याचे फोटो सगळ्यांनी पाहिलेले आहेत: परातीएवढे मालपुवे, फिरनीच्या मातीच्या वाट्या आणि फोन वर धरून चालणारी गर्दी. खाण्यासाठी म्हणाल तर मी रमजानाचा महिना टाळेन. तेव्हा शेगडीवाल्याला शीग फिरवायला सवड नसते आणि कबाब बाहेरून काळे, आतून कच्चे निघतात.

पुढे भेंडीबाजार. शास्त्रीय संगीत ऐकणाऱ्या मराठी माणसाला हे नाव घराण्यामुळे ठाऊक असतं. उत्तरेतून आलेल्या छज्जू खाँ, नजीर खाँ आणि खादिम हुसेन खाँ या भावांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इथे आपलं गाणं रुजवलं. अंजनीबाई मालपेकर त्यांच्याकडे शिकल्या आणि पुढे अमान अली खाँकडे लता मंगेशकरांनी काही काळ तालीम घेतली. सरगमचा तो नाजूक कारभार या खिम्याच्या, धुराच्या, हमालांच्या आरडाओरड्याच्या वस्तीत घडला, याचं मला नेहमी नवल वाटतं.

भेंडीबाजारातून बोहरी मोहल्ल्यात वळलं की धूर दिसण्याआधी वास येतो. कोळशावर चरबीचा थेंब पडल्यावर जो वास सुटतो तो. आपल्या मराठी स्वयंपाकात हा वास जवळजवळ नाहीच. चुलीच्या निखाऱ्यावर आपण वांगं भाजतो, सुके बोंबील भाजतो, पापड भाजतो. मटण मात्र शिजवतो. कोल्हापूर असो, खानदेश असो, नागपूरचं सावजी असो, मटणाची किंमत रश्श्याच्या तर्रीवर ठरते. रायगडातली पोपटी हा एक अपवाद म्हणावा, पण तीही मडक्यात, भांबुर्ड्याच्या पाल्यात बंद. उघड्या निखाऱ्यावरचं मांस आपण घराबाहेरच खाल्लं, आणि मुंबईत ते ‘बाहेर’ म्हणजे हा मोहल्ला, नागपाडा, किंवा रात्री उशिरा ताजमहाल हॉटेलच्या मागे १९४६ पासून चालणारं बडेमियाँ.

इथली शेगडी म्हणजे लांबट लोखंडी खोका, कमरेएवढ्या उंचीवर. निखाऱ्यांवर जाळी नसते. खोक्याच्या दोन्ही काठांवर शिगा आडव्या टेकतात आणि मांस मध्ये अधांतरी भाजतं, त्यामुळे ते कशालाच चिकटत नाही. एका हाताने शिगा फिरवायच्या, दुसऱ्या हाताने पंखा. चरबीने जाळ उठला की शीग उचलायची, बसला की परत ठेवायची. भाजणाऱ्याचं सगळं कसब या उचलण्या-ठेवण्यात आहे. मांस मऊ करण्यासाठी कच्च्या पपईचा गर लावतात. पपईतलं पपेन मांसाचे तंतू तोडतं. गर जास्त वेळ राहिला की मांसाचा लगदा होतो आणि मग कितीही छान भाजा, तोंडात पीठ खाल्ल्यासारखं लागतं. मुंबईतले अर्धे कबाब या एका चुकीने वाया जातात.

हाजी टिक्काच्या शेगडीपाशी सीख आणि बोटी मिळतातच, पण तिथे जायचं ते खिरीसाठी. खिरी म्हणजे जनावराची कास. ऐकून तोंड वाकडं करणारे पुष्कळ. खाल्ल्यावर मत बदलणारेही पुष्कळ. रबरासारखी वातड असेल अशी भीती असते. नीट भाजलेली खिरी बाहेरून किंचित कुरकुरीत आणि आत जाड सायीसारखी निघते, चवीला पुसट दुधाळ. तिच्याबरोबर गुर्दा, कलेजी, कांद्याच्या चकत्या, लिंबू, तिखट चटणी. क्रॉफर्ड मार्केटमध्ये जे अवयव कडेच्या गाळ्यांवर पडलेले असतात ते इथे मुख्य पाहुणे आहेत. मांडी आणि चापा ज्यांना परवडतात त्यांच्या घरी जातात. उरलेल्या जनावराचं काय करायचं हे शहराने या गल्ल्यांवर सोपवलं आणि गल्ल्यांनी ते चोख केलं.

याच हिशेबातून ‘बारा हंडी’ निघाली. ती शेगडीची नव्हे, भट्टीची. ओळीने बसवलेल्या हंड्यांमध्ये पाया, नळी, पिचोटा म्हणजे शेपूट, असं काय काय रात्रभर मंद आचेवर शिजतं. सकाळी गिऱ्हाईक या हंडीतलं थोडं, त्या हंडीतलं थोडं मागतं आणि सगळं एकत्र केलं की त्याला म्हणतात भेल! सुरती बारा हंडीची सकाळ गाठायची तर लवकर उठायला हवं.

२०१५ साली राज्यात गोवंश हत्याबंदीचा सुधारित कायदा आला. गायीच्या जोडीला बैल आणि वळूही त्यात आले. २०१६ साली उच्च न्यायालयाने बंदी कायम ठेवली, मात्र परराज्यातून आणलेलं मांस जवळ बाळगण्याला गुन्हा ठरवणारी कलमं रद्द केली. गल्लीच्या भाषेत याचा अर्थ एवढाच झाला, की बैलाच्या जागी म्हशीचं मांस आलं. म्हशीचं मांस गडद रंगाचं आणि जाड तंतूंचं. पपईचं नि भाजण्याचं गणित त्याच्यासाठी नव्याने बसवावं लागतं. पाटीवर ‘बीफ’ लिहिलेलं असलं तरी शिगेवर म्हैसच असते, हे जाणाऱ्याने लक्षात घ्यावं, आणि ज्याला तेही नको त्याने चिकन-मटणाचं स्पष्ट विचारून घ्यावं. विचारल्याचा इथे कुणाला राग येत नाही.

मोहल्ल्याच्या मधोमध रौदत ताहेरा हा दाऊदी बोहरांच्या धर्मगुरूंचा पांढराशुभ्र संगमरवरी मकबरा आहे. आतल्या भिंतींवर सबंध कुराण कोरलेलं आहे. त्याच्या अवतीभवतीचं सगळं मात्र बदलतं आहे. २००९ साली स्थापन झालेला सैफी बुऱ्हानी ट्रस्ट इथल्या साडेसोळा एकरांतल्या सुमारे अडीचशे जुन्या इमारती पाडून टॉवर उभे करतो आहे. सुमारे ३,२०० कुटुंबं आणि १,२५० दुकानांचा हा पसारा. याला विरोध करणं सोपं नाही. ३१ ऑगस्ट २०१७ रोजी पाकमोडिया स्ट्रीटवरची हुसैनी इमारत कोसळून तीसहून अधिक माणसं गेली. चाळीच्या रम्य आठवणी काढणाऱ्यांनी आधी तिच्या तुळया बघाव्यात. प्रश्न शेगडीचा आहे. दुकानाला नव्या इमारतीत गाळा मिळतो. कोळसा पेटवायला वरून मोकळं आकाश लागतं, आणि धूर वरच्या मजल्यावरच्या नव्या, स्वच्छ खिडकीत जाणार असतो. विजेवरच्या ग्रिलवर सीख भाजून होते, पण चरबी निखाऱ्यावर पडत नाही. मग तो वास कुठून यायचा?

ज्यांना जायचं आहे त्यांनी सकाळी मंडई आणि संध्याकाळी मोहल्ला असा बेत करावा. मधल्या वेळेत मंगलदास मार्केट आहे, झवेरी बाजार आहे, दमलात तर जे. जे.च्या आवारातली झाडं आहेत. जवळचं स्टेशन मस्जिद किंवा सँडहर्स्ट रोड. गाडी आणू नये, लावायला जागा नाही. बसायची अपेक्षा ठेवू नये. रोटी आधीच सांगून ठेवावी, कारण कबाब उतरतात तेव्हा रोटीसाठी थांबणं म्हणजे त्यांना थंड होऊ देणं. आणि पहिल्यांदाच जात असाल तर खिरीची एकच प्लेट मागवा. दुसरी मागवायला शेगडी समोरच आहे.