तळ्याचा खड्डा कुणी केला?

स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकांत सरोवरांचं पान ठरलेलं असतं. सर्वांत मोठं कॅस्पियन, गोड्या पाण्याचं सर्वांत विस्तीर्ण सुपीरियर, सर्वांत खोल बैकल, महाराष्ट्रात लोणार. मुलं धडाधड सांगतात. मालवणच्या मुलांना याच्या जोडीला एक प्रश्न घालून बघा: वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडणाऱ्या आपल्या जिल्ह्यात निसर्गानं एकही मोठं सरोवर का केलं नाही?

सरोवराला पाण्याआधी खड्डा लागतो. सुपीरियरचा खड्डा हिमनद्यांनी खरवडला. बैकलखाली जमीनच सुमारे अडीच कोटी वर्षं फाटते आहे. म्हणून ते १,६४२ मीटर खोल, आणि तळाशी कित्येक किलोमीटर गाळ साचूनही अजून भरलेलं नाही. (परीक्षेत खोली विचारतात, मला विचाराल तर खरा विक्रम त्या गाळाचा!) लोणारच्या खड्ड्याचा वाद तर दीडशे वर्षं चालला. १८२३ मध्ये अलेक्झांडर या इंग्रज अधिकाऱ्यानं त्याची नोंद केली. पुढे बरेच भूवैज्ञानिक त्याला ज्वालामुखीचं तोंड समजत राहिले. तिथल्या बेसाल्टात प्रचंड आघातानं काच झालेली खनिजं सापडली, १९७३ मध्ये 'सायन्स'मध्ये निबंध आला आणि उल्केचं पारडं जड झालं.

आपल्याकडे यातलं काहीच घडलं नाही. सह्याद्रीपासून समुद्र हाकेच्या अंतरावर, उतार तीव्र, वर जांभ्याची चाळण. जुलैत डबडबलेला सडा दिवाळीनंतर कोरडा ठणठणीत.

म्हणून धामापूरचा खड्डा माणसांनी केला. विजयनगरचे मांडलिक नागेश देसाई यांनी १५३० मध्ये धामापूर आणि काळसे गावच्या लोकांना हाताशी धरून डोंगरांमधली जागा मातीच्या बांधानं अडवली. भगवती मंदिराच्या पायऱ्या आजही थेट पाण्यात उतरतात आणि बांधाखाली भातशेती, पोफळीच्या बागा त्याच पाण्यावर उभ्या आहेत. २०२० मध्ये आंतरराष्ट्रीय सिंचन व निचरा आयोगानं या तलावाला जागतिक वारसा सिंचन स्थळाचा दर्जा दिला. प्रश्नपत्रिकेत मात्र त्याला जागा नाही, कारण तो कशातच 'सर्वांत' नाही.

बैकलची जमीन फाटत राहते, त्यामुळे गाळाला जागा होत जाते. धामापूरखाली तशी भेग नाही. दर पावसाळ्यात डोंगरावरची माती तळ्यात येणार, आणि ती आपल्यालाच उपसावी लागणार. वारशाचा फलक लावणाऱ्यांनी गाळ काढण्याची तरतूदही दर वर्षी करावी.