बदलीच्या आदेशाआधी घरचं दुखणं

सॅन अँटोनिओ, टेक्सास

फोर्ट सॅम ह्यूस्टन ही छावणी आणि ब्रुक आर्मी मेडिकल सेंटर हे लष्करी रुग्णालय या शहरातच असल्यामुळे फौजी कुटुंबं इथे पदोपदी भेटतात. जवानाच्या घरी मोठं आजारपण आलं तर पुढे काय करायचं, याची लेखी वाट या देशाने आखून ठेवली आहे. ठाणे, कल्याण, डोंबिवलीतल्या फौजी घरांसाठी ती मुद्दाम सविस्तर लिहिते.

मुलगा दूरच्या तळावर आहे आणि इकडे आई अत्यवस्थ झाली, तर घरचे अमेरिकन रेड क्रॉसला फोन करतात. ही सेवा चोवीस तास चालू असते. रेड क्रॉसची माणसं रुग्णालयाशी बोलून खातरजमा करतात आणि निरोप मुलाच्या कमांडिंग ऑफिसरपर्यंत पोचवतात. रजा द्यायची की नाही, हे तो अधिकारीच ठरवतो. पण आजार खरा आहे हे पटवून देण्यासाठी जवानाला दूरच्या तळावरून धडपडावं लागत नाही.

रजेत न आटोपणारं दुखणं असेल, तर भूदलातला सैनिक घराजवळ बदली मागतो. निर्णय केंटकीतल्या फोर्ट नॉक्स इथल्या मनुष्यबळ मुख्यालयात होतो. नियम कडक आहेत. अडचण साधारण वर्षभरात सुटणारी हवी, किंवा रुग्णाच्या हाती बारा महिन्यांहून अधिक काळ नाही असं डॉक्टरांनी लिहून द्यायला हवं. पत्नी, मुलं, आईवडील यांचा विचार होतो. सासूसासऱ्यांचा मात्र त्यांना पाहणारं दुसरं कुणी नसेल तरच. घटस्फोट किंवा पैशाची ओढाताण ही कारणं सहसा चालत नाहीत.

मला सगळ्यात मोलाची वाटली ती तिसरी सोय. पत्नीला किंवा मुलाला दीर्घ आजार वा अपंगत्व असेल, तर सैनिकाला ‘एक्सेप्शनल फॅमिली मेंबर प्रोग्रॅम’मध्ये नोंद करावीच लागते. मग बदली ठरवताना, नव्या ठिकाणी ते उपचार मिळतील का, हे आधी पाहिलं जातं. ही व्यवस्था निर्दोष नाही. वेगवेगळ्या सेनादलांत कुटुंबांना मिळणारी मदत सारखी नसल्याचं अमेरिकी संसदेच्या लेखापरीक्षण कार्यालयाने २०१८ मध्ये नोंदवलं आहे. शिवाय सैनिकावर कायद्याने अवलंबून नसलेले आईवडील या नोंदीबाहेरच राहतात.

आपल्याकडे भारतातही कंपॅशनेट पोस्टिंग, म्हणजे घरच्या अडचणीसाठी मिळणारी बदली, आहे. जवानाला वर्षाला ६० दिवसांची वार्षिक आणि ३० दिवसांची नैमित्तिक रजा मिळते. पण कर्करोगाचे उपचार महिनोन्‌महिने चालतात. कल्याणहून सासूला परळच्या टाटा रुग्णालयात लोकलने नेणारी, पाठोपाठ मुलांची शाळा सांभाळणारी सून एकटी किती दिवस तग धरेल? फौजी कुटुंबांसाठीचं नौदलाचं अश्विनी रुग्णालय तर कुलाब्यात. कल्याण ते सीएसएमटी हेच अंतर सुमारे ५४ किलोमीटर, त्यापुढचा प्रवास वेगळा.

लष्कराची अडचणही खरी आहे. पलटण सीमेवर असताना माणूस सोडला की त्याची ड्युटी दुसऱ्या जवानावर येते, आणि त्याच्याही घरी म्हातारे आईवडील असतात. म्हणूनच अर्जाची पडताळणी तटस्थ हवी आणि लवकर व्हायला हवी. ते काम आपल्याकडे जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय करू शकतं. ठाण्यातल्या कार्यालयाने रुग्णालयात जाऊन डॉक्टरांशी बोलावं आणि अहवाल थेट युनिटला पाठवावा, एवढी रीत पडली तरी कितीतरी घरांची घालमेल थांबेल. दुसरी गोष्ट म्हणजे, बदलीच्या यादीत नाव घालण्याआधी जवानाला विचारावं: घरी कुणाचे मोठे उपचार चालू आहेत का? आदेश निघाल्यावर तो फिरवणं कठीण असतं. निघण्याआधी विचार करणं दोन्ही बाजूंना सोपं जातं.

तोवर फौजी घरांना माझं कळकळीचं सांगणं आहे. आईवडिलांची नावं पार्ट टू ऑर्डरमध्ये, म्हणजे जवानाच्या सेवानोंदीत, अवलंबित म्हणून चढली आहेत ना, हे आजच पाहा. निदानाचे कागद, उपचारांचं वेळापत्रक आणि डॉक्टरांचं पत्र यांच्या प्रती जवानाकडे पाठवून ठेवा. आणि अर्ज करायचाच असेल, तर हात टेकायची वेळ येण्याआधी, निदान झाल्याबरोबर करा.