मूत्राशयाची भिंत आणि कर्करोगाची अवस्था : परिभाषेचा एक अभ्यास



पारिभाषिक संज्ञा एकार्थी असावी, हे तत्त्व आपण मागील विभागात पाहिले. तत्त्व म्हणून ते सहज मान्य होते. परंतु एका शब्दाचे दोन अर्थ तसेच राहू दिले तर प्रत्यक्षात काय बिघडते, हे कळण्यासाठी वैद्यकासारखे क्षेत्र घ्यावे लागते. म्हणून या विभागासाठी मूत्राशयाच्या भिंतीची रचना आणि तिच्या आधारे ठरणारी कर्करोगाची अवस्था हा विषय घेतला आहे. तुम्हांला शरीरशास्त्र शिकवण्याचा येथे हेतू नाही. तथापि वस्तू नीट माहीत नसेल, तर तिच्या नावाची चिकित्सा करता येत नाही. म्हणून प्रथम वस्तू पाहू.

भिंतीचे थर

मूत्रपिंडांत तयार झालेले मूत्र दोन नलिकांवाटे ओटीपोटातील मूत्राशयात येऊन साठते. प्रौढ माणसाच्या मूत्राशयात साधारणपणे ४०० ते ५०० मिलिलिटर मूत्र मावते. रिकामा असताना त्याची भिंत जाड आणि सुरकुतलेली असते. भरत जाईल तशी ती ताणली जाऊन पातळ होते.

ही भिंत आतून बाहेर अशा क्रमाने वाचावी. सर्वांत आत पेशींचे काही थर एकावर एक असलेले अस्तर असते. ते मूत्राला शरीरात परत मुरू देत नाही. अस्तराखाली संयोजी ऊतीचा एक सैल थर असून त्यात बारीक रक्तवाहिन्या असतात. त्यापलीकडे भिंतीचा खरा जाड भाग, म्हणजे मुख्य स्नायुस्तर लागतो. त्याच्या बाहेर चरबी असते आणि मूत्राशयाच्या माथ्यावर तेवढे उदरपोकळीचे आवरण असते.

मुख्य स्नायुस्तराला वैद्यकात डेट्रूसर म्हणतात. खाली ढकलणे, लोटून देणे या अर्थाच्या लॅटिन धातूपासून हा शब्द बनला आहे, म्हणजे त्याला नाव त्याच्या कामावरून मिळाले. पाठ्यपुस्तकांत या स्नायूचे तीन पदर सांगितलेले असतात : आतला उभा, मधला वर्तुळाकार आणि बाहेरचा पुन्हा उभा. हे वर्णन मूत्राशयाच्या मानेजवळ बरेचसे लागू पडते. इतरत्र मात्र स्नायूंचे जाड जुडगे सुंभाच्या पेडांप्रमाणे एकमेकांत गुंतलेले असतात आणि पदर वेगळे काढून दाखवता येत नाहीत. अशी रचना असल्यामुळेच मूत्राशय सर्व बाजूंनी एकाच वेळी आकुंचन पावू शकतो.

आता या विभागातील मुख्य अडचण पाहू. अस्तराखालच्या सैल थरातही स्नायूचे काही तंतू असतात. ते अगदी बारीक, तुटक असतात. काही जागी असतात, काही जागी नसतात. मानवी मूत्राशयातील या तंतूंचे तपशीलवार वर्णन डिक्सन आणि गोस्लिंग या शरीररचनाशास्त्रज्ञांनी १९८३ मध्ये प्रसिद्ध केले. म्हणजे एकाच भिंतीत दोन स्नायू आहेत : एक वरवरचा व नावापुरता, दुसरा खोल आणि जाड. लॅटिन परिभाषेत दोघांनाही ‘मस्क्युलॅरिस’ हेच नाव असून पुढचा शब्द तेवढा बदलतो. पहिला ‘म्युकोझी’, म्हणजे श्लेष्मल थराचा. दुसरा ‘प्रोप्रिया’, म्हणजे अवयवाचा स्वतःचा. मराठीत दोघांनाही नुसते ‘स्नायू’ म्हटले की भेद नाहीसा होतो.

खोली आणि अवस्था

मूत्राशयाचा कर्करोग बहुधा आतल्या अस्तरात सुरू होतो आणि तेथून बाहेरच्या दिशेने सरकतो. तो किती खोल गेला आहे यावर पुढचे सारे अवलंबून असते. ही गोष्ट ज्यूएट आणि स्ट्राँग यांनी १९४६ मध्ये १०७ शवविच्छेदनांच्या अभ्यासातून मांडली. गाठ भिंतीत जितकी खोल, तितका रोग शरीरात इतरत्र पसरलेला असण्याचा संभव अधिक, असे त्यांना आढळले. आज जगभर वापरली जाणारी टी-एन-एम पद्धतीही याच विचारावर उभी आहे. तिच्यातील ‘टी’ हे अक्षर मूळ गाठीसाठी आहे. ‘एन’ लसिकाग्रंथींसाठी आणि ‘एम’ दूरवरच्या प्रसारासाठी.

गाठ अस्तरापुरतीच असून आतल्या पोकळीत तुऱ्यासारखी वाढत असेल तर ती टी-ए. अस्तरातच सपाट पसरलेली पण आक्रमक पेशींची असेल तर टी-आय-एस. सैल थरात शिरली की टी-१. मुख्य स्नायूत शिरली की टी-२, आणि त्यातही आतल्या अर्ध्या भागात असेल तर टी-२ए, बाहेरच्या अर्ध्यात असेल तर टी-२बी. बाहेरच्या चरबीत पोहोचली की टी-३. शेजारचे अवयव किंवा कटिभागाची भिंत व्यापली तर टी-४.

या पायऱ्या कागदावर समान अंतराच्या दिसतात, परंतु रुग्णाच्या आयुष्यात टी-१ आणि टी-२ यांच्यामधली पायरी सर्वांत उंच आहे. निदानाच्या वेळी सुमारे तीन चतुर्थांश रुग्णांमध्ये रोग मुख्य स्नायूच्या अलीकडेच असतो. अशा रुग्णाची गाठ मूत्रमार्गातून दुर्बीण घालून खरवडून काढतात. गरजेप्रमाणे मूत्राशयात औषध सोडतात. क्षयरोगासाठी आपल्याला दंडावर टोचतात ती बी.सी.जी. लसच येथे वापरली जाते. या उपयोगाचा पहिला महत्त्वाचा वृत्तान्त मोरालेस यांनी १९७६ मध्ये दिला. मूत्राशय जागेवर राहतो, पण वर्षानुवर्षे तपासण्या कराव्या लागतात. मुख्य स्नायूत शिरकाव असेल तर मात्र बहुधा आधी रसायनोपचार देऊन संपूर्ण मूत्राशय काढण्याचा सल्ला दिला जातो. निवडक रुग्णांत किरणोपचार व रसायनोपचार एकत्र देऊन तो वाचवण्याचा प्रयत्न करतात. एका स्नायूऐवजी दुसरा स्नायू समजला गेला, तर गरज नसताना अवयव जाईल किंवा गरज असताना उपचार अपुरा पडेल.

म्हणूनच विकृतिशास्त्रज्ञाने अहवालात कोणता स्नायू म्हणायचा आहे ते स्पष्ट लिहावे, असा आग्रह असतो. चरबीचेही असेच आहे. भिंतीच्या आतल्या थरांतही थोडी चरबी असू शकते, म्हणून खरवडलेल्या तुकड्यांत गाठीशेजारी चरबी दिसली एवढ्यावरून टी-३ म्हणता येत नाही. टी-२ए आणि टी-२बी हा भेदही अशा तुकड्यांवरून सांगता येत नाही. त्यासाठी अखंड भिंत पाहावी लागते.

आता पुढील दोन वाक्ये पाहा.

‘स्नायूत शिरकाव आढळला नाही.’
‘नमुन्यात स्नायू आढळला नाही.’

घाईत वाचणाऱ्याला दोन्ही वाक्ये दिलासा देणारी वाटतात, कारण दोन्हींत ‘स्नायू’ आहे आणि दोन्हींत ‘आढळला नाही’ आहे. पहिले वाक्य खरोखरच दिलासा देते. दुसऱ्यातून काहीच कळत नाही : खरवडताना मुख्य स्नायूचा तुकडा आलाच नाही, तेव्हा रोग तेथवर गेला की नाही हे सांगता येत नाही. अशा वेळी बहुधा दोन ते सहा आठवड्यांत पुन्हा खरवडून नमुना घेतात. घरी अहवाल वाचून ‘काही निघाले नाही’ असा अर्थ लावणारा रुग्ण ही दुसरी तपासणी चुकवू शकतो. नकाराची व्याप्ती वाक्यात कशावर पडते, हा वाक्यविचारातला प्रश्न आपण अन्यत्र निर्जीव उदाहरणांवर सोडवतो. येथे त्याचे उत्तर चुकले तर रोग वाढायला वेळ मिळतो.

शब्दांचा प्रवास

‘स्नायू’ हा शब्द मुळात मांसाचा नव्हे. सुश्रुतसंहितेत स्नायू म्हणजे सांधे बांधून ठेवणारे बंध. त्यांची संख्या ९०० सांगितली आहे. मांसाच्या घटकांना तेथे ‘पेशी’ म्हटले असून त्या ५०० आहेत. त्याच ग्रंथात मूत्राशयाला ‘बस्ती’ म्हटले आहे आणि त्याच्या आकाराला दुधी भोपळ्याची उपमा दिली आहे. आधुनिक मराठीने ‘स्नायू’ मांसाला दिला आणि ‘पेशी’ हा शब्द शरीराच्या सूक्ष्मतम घटकासाठी मोकळा केला. हिंदीने ‘मांसपेशी’ राखली आणि सूक्ष्म घटकाला ‘कोशिका’ म्हटले. शिवाय हिंदी बोलचालीत ‘स्नायु’ मज्जातंतूंसाठीही येतो. त्यामुळे ‘स्नायूच्या पेशी’ हा मराठीतला निर्दोष शब्दप्रयोग हिंदी वाचकाला भलताच वाटू शकतो. हिंदी पत्रकावरून मराठी पत्रक तयार करणाऱ्या अनुवादकाने लिपी एक असल्याच्या भरवशावर राहू नये.

लोकभाषेतील अडचण निराळी आहे. आपल्या अहिल्यानगर जिल्ह्यात आणि शेजारच्या बीडमध्ये ‘पिशवी काढली’ म्हणजे गर्भाशय काढला. ऊसतोड महिलांच्या अशा शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये राज्यभर चर्चिला गेला, तेव्हा हा शब्दप्रयोग शहरी वाचकांच्याही परिचयाचा झाला. मूत्राशयालाही लोक ‘लघवीची पिशवी’ म्हणतात. नळी घातल्यावर खाटेला अडकवतात ती पिशवी, आणि मूत्राशय काढल्यानंतर आतड्याचा तुकडा वापरून पोटावर मार्ग केला, तर त्यावर लावतात तीही पिशवी. ‘पिशवीला गाठ आहे’ असे सांगितलेली स्त्री कोणत्या विभागासमोर रांगेत उभी राहील? लघवीतून वेदनेशिवाय रक्त जाणे हे या रोगाचे प्रमुख लक्षण आहे. स्त्रियांच्या बाबतीत ते ‘अंगावरून जाते’ या मोघम शब्दांत मिसळले, की निदान लांबते. पुरुषांच्या बाबतीत ‘उष्णता झाली’ हे शब्द तेच काम करतात. विडी-सिगारेट ओढणे हे या रोगाचे सर्वांत मोठे ज्ञात कारण आहे, आणि संगमनेरसारखी विडी वळण्याच्या धंद्याची गावे आपल्याच जिल्ह्यात आहेत. तेव्हा हा प्रश्न आपल्यापासून दूरचा नाही.

तिसरे उदाहरण ‘दर्जा’चे. पेशी किती विकृत व आक्रमक दिसतात यावरून गाठीची ‘ग्रेड’ ठरते. ती अवस्थेहून वेगळी आहे. ‘हाय ग्रेड’चे ‘उच्च दर्जाचा कर्करोग’ असे भाषांतर व्याकरणदृष्ट्या शुद्ध आहे, पण मराठीत उच्च दर्जा ही प्रशंसा आहे. माझ्या मते येथे ‘आक्रमक प्रतीचा’ म्हणणे बरे. ‘प्रत’ हा शब्द धान्य आणि कापूस यांच्या व्यवहारातून लोकांना ठाऊक आहे आणि तो चांगल्या-वाईट दोहोंसाठी चालतो. ‘श्लेष्मल त्वचा’ या संज्ञेऐवजी मी वर ‘अस्तर’ वापरला, तोही याच कारणाने. मूळ फारसी असला तरी शिंप्याच्या दुकानात जाणाऱ्या प्रत्येकाला तो समजतो, आणि कापडाच्या आत काय असते याची कल्पना त्याच्याबरोबर आपोआप येते.

कृती : भिंतीतील दोन स्नायूंसाठी मराठी पर्याय सुचवा. ‘अस्तरस्नायू’ आणि ‘मुख्य स्नायू’ ही जोडी मी वर्गात वापरतो; परंतु ‘मुख्य’ या शब्दामुळे दुसरा स्नायू गौण, म्हणून दुर्लक्ष करण्यासारखा वाटतो, असा आक्षेप त्यावर घेता येतो. आपले पर्याय घरातील एखाद्या न शिकलेल्या ज्येष्ठ व्यक्तीला ऐकवा, तिला काय समजले ते तिच्याच शब्दांत लिहून घ्या आणि ती नोंद संपर्कसत्राला घेऊन या.