परदेशी वकिलातीतील कारकीर्द

परराष्ट्रात आपल्या सरकारचा प्रतिनिधी म्हणून राहणाऱ्या मुत्सद्द्याची कारकीर्द सामान्यतः तृतीय सचिवाच्या कनिष्ठ हुद्द्यापासून आरंभ पावते. आणि दर काही वर्षांनी देश, हवामान व भाषा पालटीत राजदूतपदापर्यंत पोहोचण्यास त्यास बहुधा दोन तपे लागतात. राजदूताच्या नेमणुकीपूर्वी यजमान राष्ट्राची संमती गुप्तपणे घेतली जाते, आणि तेथील राष्ट्रप्रमुखास अधिकारपत्र सादर केल्यावर त्याच्या कामास रीतसर प्रारंभ होतो. १९६१ च्या व्हिएन्ना करारान्वये त्यास अटक करता येत नाही, त्याच्या खलित्यांची थैली उघडता येत नाही. मात्र यजमान सरकार कोणतेही कारण न देता त्यास अस्वीकार्य ठरवू शकते.

तथापि सर्वच मुत्सद्दी या क्रमाने चढत गेले असे नाही. औंध संस्थानचे राजपुत्र अप्पासाहेब पंत १९४८ मध्ये भारत सरकारचे आयुक्त म्हणून थेट नैरोबीस गेले. तेथील भारतीय रहिवाशांच्या हिताची जपणूक हे त्यांचे प्रकट कर्तव्य असले, तरी आफ्रिकी जनतेच्या स्वातंत्र्याकांक्षेविषयीची त्यांची सहानुभूती वसाहतीच्या ब्रिटिश अंमलदारांना खुपल्यावाचून राहिली नाही. पुढे सिक्कीम, इंडोनेशिया, नॉर्वे, इजिप्त, ब्रिटन आणि इटली येथे त्यांनी कामगिरी बजावली.

यजमानांचा विश्वास संपादन करावा, पण स्वतःच्या सरकारास कटू वृत्तान्तही निर्भीडपणे कळवावा, ही या पेशाची खरी कसोटी होय.